काठचे लेकरू

हिंगोली जिल्ह्याला किनारा आहे असे एखाद्या विद्यार्थ्याने पेपरात लिहिले, तर भूगोलाचे मास्तर त्याला बाकावर उभे करतील. आणि त्यांचे चुकले असे कोण म्हणेल? हा जिल्हा परभणीपासून वेगळा निघाला तो १ मे १९९९ रोजी. तालुके पाच, पण त्यांतल्या कुठल्याही तालुक्यातून समुद्राचे दर्शन घ्यायचे तर शेकडो किलोमीटर पश्चिमेला जावे लागेल. इथल्या माणसाची आणि समुद्राची ओळख मिठाच्या पुड्यापुरती. औंढ्याचा नागनाथ, नर्सीचे नामदेव महाराज आणि वसमतची हळद एवढे सांगितले की परक्याला जिल्ह्याची खूण पटते. त्यात लाटांचा उल्लेख कुठेच येत नाही.

तरीही इथे किनारा आहे. तो देवाने घडवला नाही, पाटबंधारे खात्याने घडवला, एवढाच काय तो फरक! पूर्णा नदीवर आधी येलदरी आणि तिच्या खाली सिद्धेश्वर अशी दोन धरणे १९६८ च्या सुमारास उभी राहिली. येलदरीची भिंत परभणी जिल्ह्यात, पण तिचा फुगवटा सेनगावच्या बाजूला पसरलेला. सिद्धेश्वर तर औंढा तालुक्यातच. पुढे १९८२ साली पैनगंगेवर इसापूरचे धरण झाले आणि कळमनुरी व पुसद या तालुक्यांच्या मध्ये आणखी एक सागर पसरला. उपयुक्त साठा मोजायचा तर येलदरीत सुमारे ८१० दशलक्ष घनमीटर, इसापुरात सुमारे ९६४ आणि सिद्धेश्वरात सुमारे ८१. हे आकडे डोक्यावरून गेले तरी हरकत नाही. पाऊसकाळ चांगला झालेल्या वर्षी दिवाळीच्या दिवसांत सकाळी इसापूरच्या काठावर उभे राहावे. पलीकडचा तीर धुक्यात हरवलेला असतो आणि वारा सुटला की पायाशी चक्क लाटा येऊन फुटतात.

किनारा झाला की किनाऱ्यावरची माणसे आली, आणि माणसांबरोबर त्यांची लेकरे आली. मराठवाड्यात मुलाला लेकरू म्हणतात. या शब्दात जी माया आहे ती ‘बालक’ या शब्दात शोधून सापडणार नाही. आज मला या काठच्या लेकराविषयी लिहायचे आहे.

समुद्रकाठचा कोळी एका बाबतीत नशीबवान. त्याच्या होडीवर गाणी झाली, त्याच्या नारळी पौर्णिमेची छायाचित्रे वर्तमानपत्रांत येतात. आमच्या आतल्या भागातल्या शाळांतसुद्धा स्नेहसंमेलन आले की कोळीनृत्य हटकून बसवले जाते. पुठ्ठ्याची होडी, क्रेप कागदाच्या लाटा, डोक्याला लाल रुमाल! आणि मौज अशी की धरणाकाठच्या शाळेत त्या दिवशी खरी नाव वल्हवणारे, खरे जाळे ओढणारे पोर मागच्या रांगेत बसून टाळ्या वाजवत असते. त्याला कोणी विचारीत नाही की, बाबा रे, वल्हे असे धरतात की तसे?

हे पोर बहुतेक वेळा भोयाचे असते. भोई समाजाचे पूर्वापार दोन धंदे, एक खांद्याचा आणि एक पाण्याचा. खांद्यावर पालखी आणि मेणा. सडका झाल्या, मोटारी आल्या, आणि तो धंदा गेला. आता ‘पालखीचे भोई’ उरले आहेत ते राजकारणावरच्या अग्रलेखांत, आणि तेही शिवीसारखे. दुसरा धंदा पाण्याचा. नदीत मासे धरावेत, पुराच्या दिवसांत माणसे पैलतीराला उतरवावीत, आणि उन्हाळ्याच्या तोंडी नदीचे पाणी ओसरले की वाळूत खड्डे करून, खत घालून टरबूज-खरबूज लावावेत. तळ्यात शिंगाडे. अशी बारा महिन्यांची घडी बसलेली होती. महाराष्ट्र सरकारच्या यादीत हा समाज भटक्या जमातींमध्ये मोडतो. परंतु त्याचे भटकणे नदीच्या काठाकाठाने असे, हे लक्षात ठेवले पाहिजे.

धरण झाले आणि नदीचा स्वभावच पालटला. खाली पाणी सुटेल ते कालव्याच्या पाळीप्रमाणे. वाळूतल्या वेलींना पाटबंधारे खात्याचे वेळापत्रक ठाऊक नसते. वरच्या बाजूला पाहावे तर जिथे वाहती नदी होती तिथे स्थिर सागर. आणि मासाही बदलला. मरळ, वाम, झिंगे ही नदीची जुनी मंडळी मागे पडली आणि कटला, रोहू, मृगळ हे पाहुणे घरमालक झाले.

हे पाहुणे कसे आले, ती हकिगत मोठी गमतीची आहे. हे तिन्ही मासे मूळचे मोठ्या वाहत्या नद्यांतले. साचलेल्या पाण्यात ते वाढतात, लठ्ठ होतात, पण अंडी काही घालीत नाहीत. म्हणून पूर्वी त्यांची पिले नद्यांतून गोळा करून दूरदूर न्यावी लागत. ओरिसातील अंगुल येथे १० जुलै १९५७ रोजी डॉ. हिरालाल चौधरी आणि त्यांचे सहकारी के. एच. अलिकुन्ही यांनी माशाला पियूषिका ग्रंथीच्या अर्काचे इंजेक्शन देऊन साचलेल्या पाण्यात प्रजनन घडवून आणले. आपल्याकडे १० जुलै हा मत्स्यशेतकरी दिन म्हणून पाळतात तो याचसाठी. त्यानंतर मत्स्यबीज केंद्रांत बीज तयार करता येऊ लागले आणि देशातल्या धरणाधरणांत ते सोडता आले. या बीजाला मराठीत फार गोड नावे आहेत. अगदी बारीक असते तेव्हा ते ‘मत्स्यजिरे’, आणि बोटाएवढे झाले की ‘बोटुकली’. सरकारी कागदात इतका लडिवाळ शब्द क्वचितच सापडतो! जिरे मोठ्या पाण्यात सोडले तर मोठे मासे गिळून टाकतील. म्हणून आधी लहान तळ्यात जपायचे, बोटुकली झाली की मग सोडायचे.

पण बीज विकत आले म्हणजे हिशेब आला. नदीचा मासा देवाचा होता. धरणाचा मासा ठेक्याचा आहे. तलाव पाच-पाच वर्षांसाठी ठेक्याने द्यायचे, मच्छीमार सहकारी संस्थेने तो घ्यायचा, बीज सोडायचे, सभासदांनी मासळी धरायची, अशी ही रीत. रीत वाईट नाही. परंतु जे लेकरू कालपर्यंत काठावर बसून मजेत गळ टाकीत होते, त्याचा तो गळ ठेकेदाराच्या हिशेबी आज चोरी ठरतो. बापाजवळ सभासदत्व असेल तर ठीक. नसेल तर तो आपल्याच काठावर रोजंदारीचा गडी.

सिद्धेश्वरच्या काठावर मला असे एक दहाएक वर्षांचे लेकरू भेटले. त्याचा दिवस पहाटे चारला सुरू होतो. आदल्या सांजेला लावलेले जाळे उजाडायच्या आत काढायचे असते. नाव म्हणजे थर्माकोलचे तुकडे गोणपाटात शिवून केलेला तराफा. बाप जाळे ओढतो आणि हा तराफा सरळ धरतो. काठावर आल्यावर मासळी निवडायची, लहान-मोठी वेगळी करायची, आईची पाटी भरून द्यायची. आई बाजाराला जाते आणि हा दहाच्या शाळेला. दुपारी तो वर्गात पेंगतो. शिवाय अंगाला वास येतो म्हणून शेजारचे पोर बाकावर सरकून बसते. हे त्याने मला सांगितले ते तक्रार म्हणून नव्हे. आज वारा पूर्वेचा आहे, अशा सुरात सांगितले.

मी त्याला माशांविषयी विचारले. त्याने तळहात एकावर एक धरून दाखवले. कटला वरच्या पाण्यात, रोहू मधल्या, आणि मृगळ पार तळाला चिखलात. प्रत्येकाचे खाणे वेगळे, म्हणून भांडण नाही. वाडा तिमजली, बिऱ्हाडे तीन! हीच माहिती मत्स्यशास्त्राच्या पुस्तकात आकृतीसह दिलेली असते आणि तिच्यावर परीक्षेत गुण मिळतात. मी म्हटले, “शाळेत सांगितलेस का हे कधी?”

“कोन इचारतंय, काका?” तो म्हणाला.

मग हिशेबाची गोष्ट निघाली. एकशे साठ रुपये किलोची मासळी सव्वादोन किलो घेतली तर किती? त्याने आकाशाकडे पाहिले. “दोन किलोचे तीनशे वीस, पावाचे चाळीस. तीनशे साठ द्या.” तेवढाच हिशेब मी त्याच्या वहीत १६० गुणिले २.२५ असा मांडून दिला. त्याने पेन्सिल चावली, दशांश चिन्हाकडे सापाकडे पाहावे तसे पाहिले आणि वही मिटली.

हे काही आमच्याच काठावर घडते असे नाही. ब्राझील देशात समुद्रकाठी रेसिफे नावाचे शहर आहे. तिथल्या बाजारात नारळ आणि फळे विकणाऱ्या पाच मुलांचा काही संशोधकांनी अभ्यास केला आणि १९८५ साली तो प्रसिद्ध केला. गिऱ्हाईक होऊन विचारलेल्या हिशेबांची ९८ टक्के उत्तरे मुलांनी बरोबर दिली. तेच हिशेब कागदावर नुसत्या आकड्यांत मांडले तेव्हा बरोबर आली फक्त ३७ टक्के. मुले तीच, डोकी तीच. मधे फक्त कागद आला होता. आता अशा मुलाला गुरुजी ‘गणितात कच्चा’ म्हणून शेरा देतात, तेव्हा तो शेरा नक्की कोणाला द्यायचा, हा प्रश्न मनात येतोच.

त्या लेकराची बहीण त्याच्याहून दोन वर्षांनी मोठी. तिला तराफ्यावर नेत नाहीत. पण आई बाजारातून परतली की उधारीचा सगळा हिशेब तीच लावते, तोही तोंडी. घरात पाळण्यातले मूल आहे, म्हणून तिची शाळा आठवड्यातून तीन दिवसांची. सहा ते चौदा वयाच्या प्रत्येक मुलाला शिक्षणाचा हक्क देणारा कायदा १ एप्रिल २०१० पासून लागू आहे. परंतु पाळण्याची दोरी कोणी ओढायची, ते कायद्यात लिहिलेले नाही.

बापाला मी विचारले की मुलाला धंद्यात घेणार ना? त्याने जाळ्यातून वर पाहिलेसुद्धा नाही. “आमचं गेलं पान्यात तेवढं बास झालं, साहेब. लेकरानं शिकावं, कुठंतरी चिकटावं. पान्याचा काय भरवसा?”

त्याचे म्हणणे खोटे नाही. २०१६ च्या उन्हाळ्यात लातूरला आगगाडीने पाणी न्यावे लागले होते, हे आपण विसरलेलो नाही. धरण आटले की ठेका आटतो, बीज मरते आणि माणसे बिऱ्हाड पाठीवर घेऊन ऊसतोडीला नाहीतर शहराला जातात. शिवाय ज्या धंद्याला जात चिकटली आहे त्या धंद्यातून लेकराने सुटावे असे बापाला वाटले, तर त्यात गैर काय आहे? शहरातून आलेल्या माणसाला पहाटेच्या पाण्यावरचा तराफा फार सुंदर दिसतो, आणि ‘या लोकांनी आपली परंपरा सोडू नये’ असे त्याला वाटू लागते. तो तराफा ज्याला पहाटे चारला गार पाण्यात ढकलावा लागतो त्याला ही कविता सुचत नाही. कोणाच्या पोराने चित्रातल्यासारखे राहावे, हे सांगण्याचा अधिकार कोणाला नाही.

पण झोपडीच्या दाराशी आजोबा बसले होते. त्यांच्या हातात बांबूची सुई होती आणि ते फाटलेले जाळे सांधीत होते. त्यांच्या लहानपणी जाळी सुताची असत. ती घरीच विणायची आणि कुजू नयेत म्हणून झाडाच्या सालीच्या काढ्यात बुडवून काढायची. जाळ्याचे भोक किती मोठे ठेवायचे ते बोटांनी मोजायचे. बारीक ठेवले तर पिले अडकतात आणि पुढच्या वर्षी उपास पडतो. आता नायलॉनचे जाळे बाजारात तयार मिळते. विणायची गरज नाही, म्हणून गाठही कोणाला येत नाही. आजोबा म्हणाले, “शिकू द्या की. म्या कुठं न्हाई म्हनतो? पर पवता याया पायजे. पान्याला वळखता याया पायजे.”

आजोबांच्या या वाक्यात मला सगळा प्रश्न सापडला. पाण्याला ओळखणे ही विद्या आहे, आणि ती रक्तातून येत नाही. अंदमानच्या समुद्रात थायलंडची सुरिन बेटे आहेत. तिथे मोकेन नावाचे दर्यावर्दी लोक राहतात. त्यांची मुले पाण्याखाली उघड्या डोळ्यांनी शिंपले वेचतात. स्वीडनच्या संशोधकांनी तपासून २००३ साली जाहीर केले की या मुलांना पाण्याखाली युरोपातल्या मुलांच्या दुप्पट स्पष्ट दिसते. ती डोळ्यांच्या बाहुल्या आकसून घ्यायला शिकलेली असतात. लोकांना वाटले, ही जन्मजात देणगी. पुढे त्याच संशोधकांनी स्वीडनच्या मुलांना सराव दिला, आणि त्यांनाही ते जमले! म्हणजे देणगी कसली? नुसता सराव. आणि सरावाचा दुसरा अर्थ असा की तो एका पिढीत तुटला तर पुढच्या पिढीकडे काही उरत नाही. २००४ च्या डिसेंबरात त्सुनामी आली तेव्हा समुद्र विचित्रपणे मागे हटतो आहे हे सुरिन बेटांवरच्या मोकेन वडीलधाऱ्यांनी ओळखले आणि माणसे उंचावर नेली. गाव वाहून गेले, माणसे वाचली. ही ओळख त्यांना आजे-पणजे सांगत आले होते म्हणून होती.

आमच्याकडेही पाण्याची ओळख असलेला माणूस लागतोच, पण केव्हा? एखादे पोर धरणात बुडाले, विसर्जनाला गेलेला तरुण वर आलाच नाही, की गावकरी आणि पोलीस भोयाच्या वस्तीकडे धावतात. तेव्हा तो जातीचा कोण हे कोणी पाहत नाही. तो सूर मारतो, प्रेत शोधून काढतो, अंग पुसतो आणि घरी जातो. त्याच्या विद्येचा सन्मान होतो तो असा, सगळे संपल्यावर! २०२१ या एका वर्षात जगात सुमारे तीन लाख माणसे बुडून मेली असा जागतिक आरोग्य संघटनेचा अंदाज आहे. त्यांत लहान मुलांची संख्या मोठी. त्याच वर्षापासून २५ जुलै हा दिवस बुडण्याच्या दुर्घटना टाळण्यासाठी जगभर पाळतात. शाळकरी वयातच मुलांना पोहणे आणि पाण्यातली सावधगिरी शिकवा, असे ही संघटना सांगते. आमच्या धरणाकाठच्या शाळांत शेतकऱ्याची मुले आहेत, व्यापाऱ्याची आहेत, मास्तरांची आहेत. त्यांतल्या बहुतेकांना पोहता येत नाही. ज्याला येते, त्याला वास येतो म्हणून आपण दूर बसवतो.

मला सुचवायचे आहे ते फारसे खर्चाचे नाही. हाताच्या कामातून शिक्षण द्यावे हा विचार महात्मा गांधींनी १९३७ साली वर्ध्याच्या परिषदेत मांडला. तो आपण भिंतीवरच्या तसबिरीत नेऊन ठेवला. २०२० च्या राष्ट्रीय शैक्षणिक धोरणाने सहावी ते आठवीच्या मुलांसाठी दहा दिवस दप्तराविना ठेवायला सांगितले आहेत. त्या दिवसांत मुलांनी गावच्या सुताराकडे, कुंभाराकडे, माळ्याकडे जाऊन शिकावे अशी अपेक्षा आहे. धरणाकाठच्या शाळेने त्यांतले चार दिवस पाण्याला द्यावेत. आजोबांना बोलवावे, खुर्ची द्यावी, मानधनही द्यावे. त्यांनी गाठ शिकवावी, पाणी कुठे खोल आणि कुठे गाळ आहे ते दाखवावे, काठाजवळच्या उथळ पाण्यात पोरांना पोहायला लावावे. त्या लेकराच्या बहिणीने फळ्यावर सव्वादोन किलोचा हिशेब तोंडी कसा करतात ते सांगावे आणि गुरुजींनी शेजारी दशांशात मांडून दाखवावा. त्या दिवशी पाळणा दुसऱ्या कोणीतरी हलवावा!

यातली मुख्य गोष्ट अशी की हे सगळ्या मुलांनी शिकायचे आहे, एकट्या भोयाच्या मुलाने नव्हे. पाण्याची विद्या जातीत कोंडून ठेवली तर ती ओझे होते, आणि लेकरू तिच्यापासून पळते. तीच शाळेत आली तर गावाची होते. मग ते लेकरू मोठेपणी तलाठी होवो, डॉक्टर होवो, नाहीतर मत्स्यव्यवसाय खात्यात अधिकारी होऊन स्वतःच बोटुकली सोडो. त्याला आपल्या घरच्या ज्ञानाची लाज वाटणार नाही.

वाळलेले भोपळे किंवा हलक्या लाकडाचे ओंडके एकत्र बांधून पाण्यावर तरंगायला जे साधन करीत, त्याला आपल्या भाषेत सांगड म्हणतात. अशाच सांगडीवर आपले आजोबा पोहायला शिकले. आता भोपळ्याच्या जागी प्लास्टिकचा डबा आला आहे. ‘सांगड घालणे’ हा शब्दप्रयोग आपण रोज करतो, तो तिथूनच आला. एकट्या भोपळ्याच्या भरवशावर कोणी नदी उतरत नसे. दोन बांधायचे, मग भार टाकायचा. काठच्या लेकराजवळ एक भोपळा आहे. तो त्याला बापाने आणि आज्याने दिला. दुसरा शाळेने द्यायचा आहे. पहिला फेकून दे, मग दुसरा देतो, असे मात्र त्याला कोणी सांगू नये.